व्हीआर हेडसेट आणि ‘डीएलएल सापडली नाही’: दुरुस्ती कोणत्या क्रमाने करायची

व्हीआर गेम सुरू करताच मॉनिटरवर संदेश येतो की ओपनव्हीआर_एपीआय.डीएलएल सापडली नाही. डीएलएल म्हणजे प्रोग्रॅमला चालण्यासाठी लागणारी जोडफाइल. मग बहुतेक जण ते नाव गुगलमध्ये टाकतात, फुकट डीएलएल देणारी पहिली साइट उघडतात, फाइल उतरवतात आणि विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरमध्ये नेऊन टाकतात. पुन्हा गेम सुरू केला की वेगळाच संदेश येतो, मग दुसरी फाइल, मग तिसरी. तासाभराने विंडोजमध्ये पाच-सहा उपऱ्या फाइल्स जमलेल्या असतात आणि मूळ बिघाड जागच्या जागी असतो.

व्हीआरच्या बाबतीत हा उपाय जवळजवळ कधीच लागू पडत नाही, कारण या फाइल्स सुट्या चालत नाहीत. प्रत्येकीचा मालक ठरलेला असतो: एखादी गेमची, एखादी स्टीमव्हीआरची (स्टीम या गेमच्या दुकानाचं व्हीआर सॉफ्टवेअर), एखादी मेटाच्या (क्वेस्ट हेडसेट बनवणाऱ्या कंपनीच्या) सॉफ्टवेअरची, एखादी मायक्रोसॉफ्टची. फाइल परत आणायची ती मालकाकडूनच. पुढचे टप्पे विंडोज १० आणि ११ साठी आहेत. फाइल्सची नावं इथे देवनागरीत दिली असली तरी स्क्रीनवर ती रोमन लिपीतच दिसतील.

## आधीची तयारी

हेडसेट कोणता आहे ते बघा. एचपी रिव्हर्ब जी२, सॅमसंग ओडिसी, लेनोव्हो एक्सप्लोरर किंवा एसरचा तसला हेडसेट असेल तर तो विंडोज मिक्स्ड रिॲलिटी या विंडोजमधल्या व्हीआर व्यवस्थेवर चालतो. मायक्रोसॉफ्टने ही व्यवस्था विंडोज ११ च्या २४एच२ आवृत्तीतून काढून टाकली. स्टार्टमध्ये ‘विनव्हर’ टाइप करून आवृत्ती पाहा. ती २४एच२ किंवा त्यापुढची असेल, तर डीएलएल शोधण्यात रात्र घालवू नका. एखादी फाइल हरवलेली नाही, अख्खी व्यवस्थाच गेली आहे. सेकंडहँड हेडसेट घेणाऱ्यांनी तर पैसे देण्याआधीच हे तपासावं.

संदेशाचा फोटो काढा. ‘कुठलीतरी व्हीआरची डीएलएल’ एवढ्यावर काम भागत नाही. नावात ६४ आहे की ३२, शेवटी _१ आहे की नाही, सोबत एखादा आकडा आहे का, हे सगळं लागतं.

काय बदललं ते आठवा. विंडोजचा अपडेट, गेमचा अपडेट, नवा अँटीव्हायरस, एखादा मॉड (गेममध्ये बाहेरून घातलेला बदल), स्टीमची लायब्ररी एका ड्राइव्हवरून दुसऱ्यावर हलवणं. अर्ध्या वेळा उत्तर इथेच मिळतं.

फाइल एक्सप्लोररमध्ये एक्स्टेन्शन दिसतील असं करा. व्ह्यू, मग शो, मग फाइल नेम एक्स्टेन्शन्स. हे बंद असलं की नावापुढे दोनदा ‘.डीएलएल’ लागलेली फाइलही एकदम बरोबर वाटते.

रिस्टोअर पॉइंट (विंडोज आधीच्या स्थितीत परत नेण्याची सोय) बनवा, आणि स्टीम, मेटाचं ॲप, व्हर्च्युअल डेस्कटॉप (पीसीवरचं व्हीआर वायरलेसने हेडसेटवर आणणारं ॲप) यांतलं जे काही चालू असेल ते घड्याळाशेजारच्या चिन्हावरून पूर्ण बंद करा. खिडकीची फुली दाबली म्हणजे ते बंद झालं असं नाही.

घड्याळाचा विषय निघालाच आहे तर कॉम्प्युटरची तारीख बरोबर आहे ना, तेही पाहून घ्या. मदरबोर्डचा सेल संपलेल्या जुन्या पीसीवर ती चुकलेली असते आणि डिजिटल सही केलेल्या फाइल्स तपासताना नडते.

## टप्पा १: फाइल कोणाची, ते ठरवा

हा टप्पा गाळला की पुढचं सगळं अंदाजपंचे होतं. म्हणून साखळी समजून घेऊ.

गेमसोबत एक छोटी फाइल येते, ओपनव्हीआर_एपीआय.डीएलएल. हेडसेटची माहिती तिच्यात काहीच नसते. ती नुसती दारावरच्या रखवालदारासारखी असते: स्टीमव्हीआर कुठे बसवलं आहे याचा पत्ता शोधायचा आणि गेमला तिकडे पाठवायचं. हा पत्ता युजरच्या ॲपडेटा, लोकल, ओपनव्हीआर या फोल्डरमधल्या ओपनव्हीआरपाथ्स.व्हीआरपाथ नावाच्या फाइलमध्ये लिहिलेला असतो. तिथून स्टीमव्हीआरच्या बिन फोल्डरमधली व्हीआरक्लायंट_एक्स६४.डीएलएल उघडली जाते आणि हेडसेटशी खरं बोलणं पुढे सुरू होतं.

ओपनएक्सआर (वेगवेगळ्या कंपन्यांच्या हेडसेटसाठीचं सामाईक मानक) वापरणाऱ्या नव्या गेममध्ये हेच काम ओपनएक्सआर_लोडर.डीएलएल करते. फरक इतकाच की ती पत्ता रजिस्ट्रीतून, म्हणजे विंडोजच्या सेटिंग्जच्या नोंदवहीतून, घेते. मेटाच्या स्वतःच्या पद्धतीने चालणारे गेम लिबओव्हीआरआरटी६४_१.डीएलएल शोधतात, आणि ती मेटाच्या पीसी सॉफ्टवेअरसोबत बसते.

आता तुमच्या संदेशातलं नाव कुठे बसतं ते पाहा:

- ओपनव्हीआर_एपीआय, ओपनएक्सआर_लोडर: मालक गेम. टप्पा २, ३, ४.
- व्हीआरक्लायंट, व्हीआरक्लायंट_एक्स६४, लिबओव्हीआरआरटी: मालक स्टीमव्हीआर किंवा मेटा. टप्पा २, ३, ५.
- व्हीसीरनटाइम१४०, एमएसव्हीसीपी१४०, एक्सइनपुट१_३: मालक मायक्रोसॉफ्ट. टप्पा ७.
- व्हल्कन-१, एनव्हीएपीआय६४: ग्राफिक्स कार्डचा ड्रायव्हर. एनव्हिडिया, एएमडी किंवा इंटेलच्या साइटवरून ड्रायव्हर नव्याने बसवा, विषय संपला.

नावाऐवजी नुसता आकडा आला असेल तर तोही पुरेसा बोलका असतो. स्टीमव्हीआरचा १०० म्हणजे रनटाइम (हेडसेट चालवणारं सॉफ्टवेअर) सापडला नाही, ११० म्हणजे पत्त्याची फाइलच सापडली नाही, १०२ म्हणजे पत्ता मिळाला पण व्हीआरक्लायंट तिथे नाही. १०५ आला तर गेम जे मागतो आहे ते बसवलेल्या स्टीमव्हीआरला ठाऊक नाही, म्हणजे बहुधा स्टीमव्हीआर जुनं आहे. ओपनएक्सआरमध्ये उणे ५१ म्हणजे रनटाइम उपलब्ध नाही, त्यासाठी टप्पा ६ पाहा.

> थांबा: स्टीमव्हीआरचा १०८ किंवा ओपनएक्सआरचा उणे ३५ आला असेल तर फाइल्स हुडकू नका. त्या दोन्हींचा अर्थ हेडसेट सापडला नाही एवढाच. केबल, यूएसबी पोर्ट, क्वेस्ट असेल तर पीसीशी लिंक जोडली आहे का, ते पाहा.

## टप्पा २: बाहेरून टाकलेल्या फाइल्स आधी काढा

मित्राकडून पेनड्राइव्हवर आणलेली असो की साइटवरून उतरवलेली, अशी प्रत तशीच ठेवून पुढे गेलात तर पुढच्या दुरुस्तीवर पाणी पडू शकतं. विंडोज डीएलएल शोधताना साधारणपणे आधी प्रोग्रॅमच्या फोल्डरमध्ये पाहतं, मग सिस्टम३२ मध्ये. गेमची स्वतःची फाइल गायब असेल तर सिस्टम३२ मधली जुनी प्रत उचलली जाते. ‘सापडली नाही’ हा संदेश जातो आणि त्याजागी ‘एन्ट्री पॉइंट सापडला नाही’ येतो. प्रगती झाल्यासारखं वाटतं, पण प्रत्यक्षात आता चुकीच्या आवृत्तीचा बिघाड वर चढलेला असतो.

विंडोज फोल्डरमधलं सिस्टम३२ आणि सिसवाव६४ ही दोन्ही फोल्डर उघडा आणि ‘डेट क्रिएटेड’ने क्रम लावा. ओपनव्हीआर_एपीआय आणि ओपनएक्सआर_लोडर यांचं या दोन्ही ठिकाणी काही काम नाही, दिसल्या तर काढा. बाकी फक्त त्याच फाइल्स काढा ज्या तुम्ही टाकल्या आहेत हे नक्की आठवतं. नाव अनोळखी आहे म्हणून इथली फाइल उडवू नका.

नावांचा घोळही ध्यानात असू द्या. सिस्टम३२ मध्ये ६४ बिटच्या फाइल्स असतात आणि सिसवाव६४ मध्ये ३२ बिटच्या. नावावरून उलट समजून लोक अदलाबदल करतात आणि ०xc००००७b हा आकडा ओढवून घेतात. हा आकडा दिसला की बऱ्याचदा ३२ आणि ६४ ची सरमिसळ झालेली असते.

> हे करू नका: ‘रेगएसव्हीआर३२ चालवा’ असा सल्ला सर्रास मिळतो. या डीएलएल त्या पद्धतीने नोंदवायच्या नसतातच. आदेश चालवलात तर ‘डीएलएलरजिस्टरसर्व्हर सापडलं नाही’ असा नवा संदेश येईल. त्याचा तुमच्या बिघाडाशी संबंध नाही.

## टप्पा ३: अँटीव्हायरसने उचलली आहे का?

हे काम फाइल परत आणण्याआधी करायचं. नाहीतर स्टीम फाइल परत ठेवतं, अँटीव्हायरस दोन मिनिटांत ती पुन्हा उचलतो, आणि तुम्ही स्टीमला दोष देत बसता.

विंडोज सिक्युरिटी उघडा, व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन, मग प्रोटेक्शन हिस्टरी. दुसरा अँटीव्हायरस असेल तर त्याचं क्वारंटाइन (संशयित फाइल्स अडकवून ठेवण्याची जागा) बघा. तिथे फाइल असेल तर लगेच रिस्टोअर दाबू नका, आधी ती मुळात आली कुठून हे पाहा. स्टीमवरून घेतलेल्या गेमची असेल तर ती तिथेच राहू द्या, टप्पा ४ मध्ये स्वच्छ प्रत येईल. तीही उचलली गेली, तरच त्या एका फाइलला सूट द्या. अख्ख्या ड्राइव्हला सूट देणं म्हणजे अँटीव्हायरस नसल्यात जमा.

गेम क्रॅक केलेला असेल तर स्पष्टच सांगतो: त्यात डीएलएल बदललेल्याच असतात. अँटीव्हायरस उगाच ओरडतो आहे की खरंच काही आहे, हे घरबसल्या ठरवता येत नाही. त्या गेमसाठी हे मार्गदर्शन उपयोगाचं नाही.

## टप्पा ४: गेमची फाइल गेमकडून आणा

स्टीममध्ये गेमच्या नावावर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, इन्स्टॉल्ड फाइल्स, आणि तिथलं तपासणीचं बटण, म्हणजे ‘व्हेरिफाय इंटेग्रिटी’. जी फाइल नाही किंवा बदललेली आहे तेवढीच स्टीम पुन्हा उतरवतं, पूर्ण गेम नाही. एपिक किंवा मेटाच्या दुकानातून घेतलेल्या गेमला त्यांच्याकडचा तसाच पर्याय वापरा, तो नसेल तर गेम काढून परत बसवा.

तपासणी झाली की फाइल खरोखर आली का ते स्वतः पाहा. इथे लोक चुकतात, कारण ती गेमच्या ईएक्सईशेजारी (गेम सुरू करणाऱ्या फाइलशेजारी) असेलच असं नाही. युनिटी या गेम इंजिनात बनवलेल्या गेममध्ये ती ‘डेटा’ने संपणाऱ्या फोल्डरमधल्या प्लगइन्स, एक्स८६_६४ मध्ये असते. अनरियल इंजिनातल्या गेममध्ये इंजिन, बायनरीज, थर्डपार्टी, ओपनव्हीआर असं खोलवर जावं लागतं. ईएक्सईशेजारी दिसत नाही म्हणून तिथे आणखी एक प्रत ठेवू नका. एकाच गेममध्ये दोन प्रती असल्या की कुठली उचलली जाते आहे हे शोधण्यात पुढचा रविवार जाईल.

आता मॉडविषयी. ओपनकॉम्पोझिट नावाचं साधन ओपनव्हीआर_एपीआय.डीएलएलच्या जागी स्वतःची फाइल ठेवतं, जेणेकरून गेम स्टीमव्हीआरला वगळून थेट ओपनएक्सआरवर चालावा. फ्रेम रेट वाढवणारे काही मॉडही नेमकी हीच फाइल बदलतात. हे चांगलं चालतं, पण त्याचे तीन परिणाम माहीत हवेत. तपासणी केली की स्टीम ही बदललेली फाइल पुसून मूळ ठेवतं, आणि मॉड ‘अचानक’ बंद होतो. गेमचा मोठा अपडेट आला की जुनी बदललेली फाइल नव्या गेमशी जुळत नाही. आणि ऑनलाइन गेममध्ये अँटीचीट (फसवेगिरी पकडणारं सॉफ्टवेअर) अशी फाइल बघून गेम सुरूच होऊ देत नाही, प्रसंगी खात्यावरही बालंट येतं. मॉड वापरायचाच असेल तर मूळ फाइल वेगळ्या फोल्डरमध्ये ठेवा. आणि दुरुस्ती करताना मॉडशिवायचा गेम आधी चालू करून पाहा, मग मॉड.

> तपासा: गेम चालला तर इथेच थांबा. पुढचे टप्पे ‘करून ठेवू’ म्हणून करायचे नाहीत.

## टप्पा ५: रनटाइम दुरुस्त करा

स्टीमव्हीआर. लायब्ररीच्या गाळणीत ‘टूल्स’ला खूण केल्याशिवाय ते अनेकदा यादीत दिसत नाही. तपासणीचं बटण गेमसारखंच. बीटा आवृत्ती घेतलेली असेल तर प्रॉपर्टीजमधून आधी बाहेर पडा.

तरीही १००, १०२ किंवा ११० येत असेल तर पत्त्याची फाइल उघडा, तीच ओपनव्हीआरपाथ्स.व्हीआरपाथ. नोटपॅडमध्ये ती सरळ वाचता येते. त्यात ‘रनटाइम’ या नावाखाली फोल्डरचा मार्ग असतो. स्टीमची लायब्ररी डी ड्राइव्हवरून ई वर हलवली आणि इथे अजून डी लिहिलेलं असेल, तर दुखणं सापडलं. मार्ग हाताने दुरुस्त करायला जाऊ नका. त्यात प्रत्येक तिरपी रेघ दोनदा लिहावी लागते आणि एक राहिली की पूर्ण फाइल निकामी. स्टीम बंद करून या फाइलचं नाव बदला, शेवटी ‘जुनी’ जोडा, आणि स्टीमव्हीआर सुरू करा. ते नवी फाइल बनवतं.

त्याच फाइलमध्ये ‘एक्स्टर्नल ड्रायव्हर्स’ अशी यादी असते. पूर्वी कधी एएलव्हीआरसारखं वायरलेस साधन वापरून काढून टाकलं असेल तर त्याचं नाव इथे राहून गेलेलं असू शकतं. फोल्डर नाही, नाव मात्र आहे. फाइल नव्याने बनली की हा कचराही जातो. ज्यांना अजून ते साधन हवं आहे त्यांनी ते परत बसवावं.

मेटा. लिबओव्हीआरआरटी६४_१ नाही असा संदेश आला की आधी एक प्रश्न विचारा: ही फाइल तुम्हाला लागते का? क्वेस्ट जर स्टीमच्याच स्टीम लिंक ॲपवरून जोडता, तर मेटाचं पीसी सॉफ्टवेअर नसलं तरी चालतं. काही गेम सुरू होताना स्टीम विचारतं, ऑक्युलस (मेटाच्या व्हीआरचं जुनं नाव) मोड की स्टीमव्हीआर मोड. चुकून ऑक्युलस निवडलं आणि ‘पुन्हा विचारू नका’ला खूण केली की हा संदेश दर वेळी येत राहतो. गेमच्या प्रॉपर्टीजमध्ये जाऊन तो पर्याय बदला, फाइलची गरजच उरणार नाही.

मेटाचं सॉफ्टवेअर खरंच वापरत असाल तर त्याचा सेटअप पुन्हा उतरवा आणि चालवा. आधीपासून बसवलेलं दिसलं तर तो दुरुस्तीचा पर्याय देतो. मग विंडोजच्या सर्व्हिसेसमध्ये ‘ऑक्युलस व्हीआर रनटाइम सर्व्हिस’ चालू आहे का ते पाहा. ही डीएलएल दुसऱ्याच्या कॉम्प्युटरवरून आणून मात्र काही साधत नाही. तिच्यावरची डिजिटल सही तपासली जाते आणि मागे चालणाऱ्या सर्व्हिसशी तिची आवृत्ती जुळावी लागते.

सहीचं महत्त्व किती, ते ७ मार्च २०१८ ला सगळ्यांनी पाहिलं. ऑक्युलसॲपफ्रेमवर्क.डीएलएलवरच्या सहीच्या प्रमाणपत्राची मुदत संपली आणि जगभरचे ऑक्युलस रिफ्ट हेडसेट एकाच दिवशी बंद पडले. फाइल जागेवर होती, कुणाच्याच पीसीत बिघाड नव्हता. एकाच सकाळी सगळ्या मित्रांचं व्हीआर बंद पडलं तर काहीही काढू-घालू नका, कंपनीच्या पॅचची वाट पाहा.

## टप्पा ६: ओपनएक्सआरचा चालू रनटाइम

कॉम्प्युटरवर स्टीमव्हीआर, मेटा आणि व्हर्च्युअल डेस्कटॉप तिन्ही असू शकतात, पण ओपनएक्सआरचा चालू रनटाइम एका वेळी एकच. शेवटचं बसवलेलं सॉफ्टवेअर कधी कधी ती जागा बळकावतं. मग मेटावर चालणारा सिम्युलेटर अचानक स्टीमव्हीआर उघडतो, किंवा काहीच उघडत नाही.

बदल सॉफ्टवेअरमधूनच करा: स्टीमव्हीआरच्या सेटिंग्जमध्ये ओपनएक्सआर विभागात, मेटाच्या ॲपमध्ये सेटिंग्जच्या जनरल पानावर. रजिस्ट्री फक्त पाहण्यासाठी उघडा. एचकेईवाय लोकल मशीन, सॉफ्टवेअर, क्रोनोस, ओपनएक्सआर, १ असं जा आणि ‘ॲक्टिव्हरनटाइम’पुढचा मार्ग वाचा. त्या मार्गावरची जेसन फाइल खरंच आहे का ते एक्सप्लोररमध्ये बघा. मिक्स्ड रिॲलिटी वापरून सोडलेल्यांकडे इथे सिस्टम३२ मधल्या मिक्स्डरिॲलिटीरनटाइम.जेसनचं नाव अडकलेलं सापडू शकतं. ३२ बिट गेमसाठी हीच नोंद ‘वाव६४३२नोड’खाली वेगळी असते.

सगळं बरोबर दिसूनही फरक पडत नसेल तर विंडोजच्या एन्व्हायर्न्मेंट व्हेरिएबल्समध्ये एक्सआर_रनटाइम_जेसन नावाची नोंद शोधा. ती रजिस्ट्रीला डावलते. कधीतरी कुणाच्या व्हिडिओवरून घातलेली असते आणि मग विसरली जाते.

याच रजिस्ट्रीत ‘एपीआयलेयर्स, इम्प्लिसिट’ आहे. ओपनएक्सआर टूलकिटसारखी साधनं स्वतःला इथे नोंदवतात आणि प्रत्येक ओपनएक्सआर गेममध्ये शिरतात. एखादं नीट अनइन्स्टॉल न करता फोल्डरच डिलीट केलं असेल तर ते परत बसवून रीतसर काढा.

## टप्पा ७: मायक्रोसॉफ्टच्या फाइल्स

हा भाग सोपा आहे. मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबलचे एक्स८६ आणि एक्स६४ दोन्ही बसवा. विंडोज ६४ बिट असलं तरी दोन्ही लागतात. २०१५ पासून पुढच्या आवृत्त्या एकाच पॅकेजमध्ये येतात, पण जुनं पॅकेज असेल तर व्हीसीरनटाइम१४०_१ त्यात नसते, म्हणून ‘आहे की बसवलेलं’ म्हणून सोडू नका. एक्सइनपुट१_३ साठी डायरेक्टएक्सचा जून २०१० चा एंड-युजर रनटाइम लागतो. विंडोजमध्ये डायरेक्टएक्स १२ असलं तरी त्या जुन्या फाइल्स त्यात येत नाहीत.

एसएफसी स्कॅननाऊ हा आदेश फक्त विंडोजच्या स्वतःच्या फाइल्स दुरुस्त करतो. ओपनव्हीआरची फाइल तो परत आणत नाही.

## टप्पा ८: फाइल जागेवर आहे, तरीही ‘सापडली नाही’

यात विरोधाभास नाही. एरर १२६ आला की समजा, ही डीएलएल सापडली पण तिला लागणारी दुसरी सापडली नाही, आणि विंडोज नाव मात्र पहिलीचं सांगतं. १९३ आला तर ३२ आणि ६४ ची गल्लत.

आधी इव्हेंट व्ह्यूअरमध्ये विंडोज लॉग्ज, ॲप्लिकेशन पाहा. गेम बंद पडल्याच्या वेळेची लाल नोंद उघडा, ‘फॉल्टिंग मॉड्यूल’पुढचं नाव घ्या आणि टप्पा १ च्या यादीत शोधा. तेही नसेल तर मायक्रोसॉफ्टचं प्रोसेस मॉनिटर चालवा, गेमच्या ईएक्सईचं नाव आणि ‘.डीएलएल’ने संपणारे मार्ग एवढंच गाळून घ्या. ‘नेम नॉट फाउंड’च्या ढीगभर ओळी दिसतील, घाबरू नका. विंडोज एकेक फोल्डर चाचपत जातं, त्यामुळे त्या येणारच. शोधायची ती फाइल, जिच्या नावापुढे सगळ्या फोल्डरमध्ये नकार आहे आणि कुठेच ‘सक्सेस’ नाही. ती बहुतेक वेळा शेवटच्या काही ओळींत असते.

इथेही हात टेकले तर मदत मागताना स्टीमव्हीआरच्या मेन्यूतून सिस्टम रिपोर्ट बनवा. सोबत संदेशाचा फोटो, विंडोजची आवृत्ती, ‘ॲक्टिव्हरनटाइम’पुढचा मार्ग आणि कोणते टप्पे करून झाले ते लिहा. रिपोर्टमध्ये विंडोजच्या युजरचं नाव असलेले मार्ग येतात, चारचौघांत टाकण्याआधी तेवढं नाव पुसा.